हरलेल्यांची पंगत कशी घालावी

दिवाळीच्या किल्ला स्पर्धेसाठी आमच्या गल्लीतल्या पोरांना मातीचा राजगड उभा करायला बारा दिवस लागले आणि तो हरायला दोन पाट्या पुरल्या. राजगडाची सुवेळा माची पूर्वेला आहे आणि संजीवनी पश्चिमेला. आमच्या किल्ल्यावर त्या दोन पाट्या नेमक्या उलट्या लागल्या होत्या. परीक्षक खाली वाकले, पाट्या वाचल्या, वहीत काहीतरी टिपलं आणि पुढच्या गल्लीकडे गेले. भाऊबीज होऊन चार दिवसांनी निकाल लागला, तेव्हा उत्तेजनार्थमध्येसुद्धा आमचं नाव नव्हतं.

त्याच आठवड्यात, किल्ला अजून उभा असताना, आम्ही त्याच्यासमोर हरल्याची पंगत घातली. ती पहिली. मग एकदा कबड्डीच्या संघाची घातली, एकदा भजनी मंडळाची. आता बेळगावातल्या शहापूर-वडगावकडची ओळखीची माणसं येऊन विचारतात, "अक्का, तुम्ही ते हरल्यावर जेवण करता म्हणे, कसं करायचं सांगा की." प्रत्येकाला तोंडी सांगताना काहीतरी राहून जातं, म्हणून एकदा नीट लिहून काढते. किल्ल्याचंच उदाहरण धरून सांगते, कारण त्यात मी स्वतः चिखल कालवला होता. कबड्डी असो, रांगोळी असो, वक्तृत्व असो, पद्धत तीच.

हार कुठली आहे ते आधी बघा

प्रत्येक हरण्यावर पंगत घालायची नसते. ज्या स्पर्धेवर कुणाच्या घरची चूल अवलंबून आहे तिथे हा विषय काढूच नका. पोलीस भरतीत पोरगा राहिला, स्पर्धा परीक्षेत दोन मार्कांनी गेला, तर त्याला चहाला बोलवा, सोबत फिरायला न्या, खरं पंगत नको. खेळात कुणाला मार लागला असेल, पैसे लावले गेले असतील, किंवा दोन गल्ल्यांत हमरीतुमरी झाली असेल तर तिथेही नको.

मी एकच कसोटी लावते. महिन्याभराने या हरण्याची गोष्ट सांगताना हरलेला माणूस स्वतः हसेल असं वाटतं का? वाटत असेल तर पुढे वाचा.

पहिली रात्र मोकळी ठेवा, मग एकाच घरी जा

निकाल लागला त्या संध्याकाळी काही करू नका. पोरं कट्ट्यावर गप्प बसतात, कुणी परीक्षकांना नावं ठेवतं, कुणी मोबाइलमध्ये तोंड घालून बसतं. बसू द्यावं. मोठ्यांनी त्या वेळी "असू दे रे, भाग घेणं महत्त्वाचं" असं म्हणू नये. ते ऐकून कुठल्याही पोराला बरं वाटलेलं मी पाहिलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी मात्र एक काम नक्की करायचं आणि सगळी पंगत त्यावर उभी असते. प्रत्येक हरलेल्या संघात एक जण असा असतो की ज्याला वाटतं, माझ्यामुळे गेलं. शेवटच्या चढाईत बोनसच्या नादात पकडला गेलेला, भजनात अंतरा विसरलेला, पाट्या लावलेला. त्याच्या घरी आधी जायचं. एकट्याने, हात हलवत, समजूत घालायला आल्याचा आव न आणता.

आमच्या पाट्या लावणाऱ्या पोराचं वय तेरा. मी गेले तेव्हा तो माडीवर होता आणि खाली येईना. त्याची आई म्हणाली, काल रात्री जेवलाच नाही. मी जिन्यात बसले. थोड्या वेळाने तो दोन पायऱ्या खाली आला आणि म्हणाला, "पाट्या मीच लावलो की अक्का." मी म्हटलं, "हो, तूच लावलास. आणि मी त्या पाट्यांसमोर चार दिवस उभी होते, मला तरी कुठं दिसलं?" हे खरं होतं, म्हणून त्याला पटलं. गल्लीतल्या वीस माणसांनी ती पाटी वाचली होती, फोटो काढले होते, एकालाही कळलं नव्हतं. चूक लिहिणाऱ्याची एकट्याची कशी?

मग मी त्याला विचारलं, आपण जेवण करू या का, किल्ल्याजवळ. आणि उत्तराची वाट बघितली. तुम्हीही इथे घाई करू नका. त्याने नको म्हटलं असतं तर मी विषय तिथेच सोडला असता. ज्याच्या हातून चुकलं तो तयार नसेल आणि बाकीचे पंगत घालतील, तर ते जेवण त्याच्या घशाखाली उतरत नाही आणि ती आठवण त्याला पुढे कितीतरी वर्षं बोचते. तो म्हणाला, "कुंदा असंल तर." कुंदा म्हणजे आमच्याकडची आटीव दुधाची मिठाई. तिथून पुढे सगळं सोपं झालं.

दिवस

निकालापासून तिसरा ते सातवा दिवस चांगला. त्याआधी जखम ओली असते आणि त्यानंतर लोकांना दुसरी कामं लागतात. किल्ल्याला आणखी एक मर्यादा आहे: तुळशीच्या लग्नापर्यंत तो बहुतेक ठिकाणी मोडला जातो. त्यामुळे निकाल लागल्यावर हातात मोजकेच दिवस राहतात. किल्ल्यावर हळीव आणि मोहरी पेरलेली असते, तीही तोवर पिवळी पडायला लागते.

वेळ संध्याकाळी साडेसहाची ठेवा. रात्री दहानंतर लाऊडस्पीकर लावायला कायद्याने बंदी आहे, आणि लहान पोरं दहापर्यंत जागीच असतात, त्यामुळे साडेसहा ते दहा हा वेळ पुरतो. कार्तिकातली बेळगावची थंडी लक्षात घेऊन शेकोटीला लाकूड आधीच सांगून ठेवा.

कुणाला बोलवायचं

ज्यांनी भाग घेतला ते तर आलेच. त्याशिवाय ज्यांनी माती आणून दिली, पोती दिली, पाण्याचा पाइप रात्रभर चालू ठेवू दिला, ज्यांच्या दारात चिखल झाला तरी ज्या काही बोलल्या नाहीत, त्या सगळ्यांना. जिंकल्यावर या लोकांची नावं निघतात आणि हरल्यावर सगळे विसरतात. कागदावर यादी करा. आमची यादी चाळीसवर गेली.

गल्लीतल्या पंच मंडळींच्या कानावर आधी घाला. जागा देवळासमोरची असेल, समाजमंदिराची असेल तर विचारावंच लागतं. गच्चीवर किंवा कुणाच्या अंगणात करणार असाल तरी सांगून ठेवलेलं बरं. रस्ता अडवून मांडव घालायचा तर परवानग्या लागतात. एवढ्या छोट्या जेवणासाठी त्या भानगडीत पडू नये, असं माझं मत.

आता जिंकलेल्यांचं. त्यांना बोलवायचंच, आणि बोलवायला मोठ्या माणसाने समक्ष जायचं. व्हॉट्सअॅपवर टाकलेलं आमंत्रण त्यांना टोमणा वाटू शकतं. त्या वर्षी पहिला नंबर आलेल्या किल्ल्याची पोरं दोन गल्ल्या पलीकडची, निम्म्या घरांत कन्नड बोलणारी. मी आणि आमच्या समोरचे मामा गेलो. मामांनी दारातूनच सांगितलं, "नावु सोतीव री, ऊटक्क बर्री." आम्ही हरलो आहोत, जेवायला या. त्या घरातली आजी एवढी हसली की तिला खुर्चीवर बसावं लागलं. मग म्हणाली, "होगली बिड्री," जाऊ द्या हो, आणि आत जाऊन आमच्यासाठी चहा टाकला. सहा पोरं आली आणि येताना आमच्या किल्ल्यासाठी दोन मातीच्या तोफा घेऊन आली.

परीक्षकांना बोलवावं का? ओळखीचे असतील तर जरूर. आमच्याकडे एक आले होते. त्यांनी पोरांना समजावून सांगितलं की पाट्यांचे गुण थोडेच गेले, जास्त गुण गेले ते बालेकिल्ल्याच्या उंचीमुळे. आम्ही तो माच्यांच्या मानाने बुटका केला होता. ते ऐकताना पाट्यावाल्या पोराचा चेहरा मी बघत होते. एवढ्यासाठी तरी परीक्षकांना बोलवावंच.

पैसे

मुलांकडून एक रुपया घ्यायचा नाही. किल्ल्याच्या वर्गणीतून उरलेलं असेल ते आधी वापरा. बाकीचं मोठ्यांनी घरटी काढावं, शक्यतो शिध्याच्या रूपाने. कुणी तांदूळ, कुणी दूध, कुणी वांगी. हिशोब एका कागदावर लिहून भिंतीला चिकटवा, म्हणजे नंतर कुजबूज होत नाही.

यात एका गोष्टीवर डोळा ठेवा. ज्याच्या हातून चूक झाली त्या घरची आई सगळं आपल्यावर घ्यायला बघते. "भाकऱ्या सगळ्या मीच करते," "दूध आमच्याकडूनच." तिला लाज वाटत असते आणि ती कष्टाने फेडायची असते. प्रेमाने पण ठामपणे नाही म्हणा. इतरांच्या घरातून आठ भाकऱ्या येत असतील तर तिच्या घरातूनही आठच.

जागा सजवताना

किल्ला असेल तर वेगळी सजावट लागत नाही. पणत्या लावा, पाण्याचे हौद भरा, वाळलेलं गवत कापून टाका. कबड्डीचा संघ असेल तर मैदानाच्या कडेला बसा, भजनी मंडळ असेल तर टाळ-पखवाज मध्ये ठेवा. ज्या वस्तूंनी हरलो त्या नजरेसमोर असाव्यात.

एक लाल कंदील मात्र दाराशी टांगा. त्यामागे एक गोष्ट आहे आणि ती पोरांना सांगण्यासारखी आहे. फ्रान्समध्ये १९०३ सालापासून मोठी सायकल शर्यत होते, टूर द फ्रान्स. तिच्यात सगळ्यात शेवटी राहणाऱ्या सायकलस्वाराला तिथले लोक 'लाल कंदील' म्हणतात. आगगाडीच्या शेवटच्या डब्याला मागे लाल दिवा असायचा, त्यावरून हे नाव आलं. तीन आठवडे हजारो किलोमीटर सायकल मारून, डोंगर चढून, शर्यत न सोडता जो शेवटचा येतो, त्याला बघायला लोक मुद्दाम थांबतात.

आपल्याकडे टिळकवाडीच्या रेल्वे गेटवर जो कुणी थांबला आहे त्याला हे लगेच कळेल. गाडी जाते तेव्हा शेवटच्या डब्यामागे मोठी पिवळी फुली दिसते आणि इंग्रजीत 'एल व्ही', म्हणजे 'लास्ट व्हेइकल', अशी पाटी. ती दिसली की रेल्वेच्या माणसाला खात्री पटते की गाडी पूर्ण गेली, मधेच एखादा डबा सुटून राहिला नाही. आमच्या पोरांनी पुठ्ठ्यावर तशीच पिवळी फुली काढून किल्ल्याच्या मागच्या बाजूला लावली. ही कल्पना त्यांची.

जेवण

इथे मी जरा जास्त लिहिणार, कारण जेवण बिघडलं तर बाकी कितीही छान केलं तरी लोकांच्या ते लक्षात राहत नाही.

मांसाहार ठेवू नका. तुळशीच्या लग्नाआधी चातुर्मास चालू असतो, बऱ्याच घरांत, विशेषतः माळकऱ्यांकडे, खात नाहीत, आणि पंगतीत दोन रांगा पडायला नकोत. कबड्डीच्या संघाला इतर दिवसांत मटणाचं जेवण करायला हरकत नाही. तिथे पोरंच ऐकत नाहीत.

आल्या आल्या हातात चिरमुरे द्या. चाळीस माणसांना दीड किलो भरपूर होतात. लसूण, शेंगदाणे, कढीपत्ता, तिखट घालून फोडणी करा आणि चिरमुरे आधी मंद आचेवर कोरडे परतून घ्या, नाहीतर चिवट लागतात. सोबत मिरची भजी. भजी गरमच हवी, म्हणून तळणारा एक माणूस शेवटपर्यंत कढईपाशी बसेल असा बघा. बेळगावच्या पश्चिम भागातली रताळी बाजारात मिळत असतील तर पाच-सहा किलो घेऊन शेकोटीच्या निखाऱ्यात पुरा. ती काढायचं काम लहान पोरांना मोठ्यांच्या देखरेखीखाली द्या. पंगतीआधी बुजून बसलेली पोरंसुद्धा रताळी फोडताना बोलायला लागतात. दुसऱ्या कशाने ती इतक्या लवकर मोकळी झालेली मी पाहिली नाहीत.

मुख्य जेवणाला जोंधळ्याची भाकरी, भरली वांगी, शेंगाची चटणी, खर्डा, भात, आमटी, ताक. माणशी दोन भाकऱ्या धरल्या तर चाळिसांना ऐंशी होतात. दहा घरांत आठ-आठ वाटून द्या, कुणाला जड जात नाही. लहान वांगी माणशी दोन म्हणजे साधारण चार किलो. भाकरी असल्यामुळे तांदूळ तीन किलो पुरतो. एखाद्या घरातून बेळगावी बासमती आला तर त्याचा साधाच भात करा, मसाले घालून त्याचा वास घालवू नका.

आणि कुंदा. बेळगावात काही चांगलं घडलं की लोक कुंदा मागतात, मग हरल्यावर कसा काय, असं एका आजोबांनी मला विचारलं. मी त्यांना त्यांनीच लहानपणी सांगितलेली गोष्ट आठवून दिली. कुंद्याची जन्मकथा इथे घरोघर सांगतात: एका मिठाईवाल्याचं दूध चुलीवर राहून गेलं, आटत आटत तांबूस झालं, आणि टाकून द्यायच्या आधी कुणीतरी चव बघितली. गोष्ट कितपत खरी ते असो, हरलेल्यांच्या पंगतीला याहून योग्य गोड पदार्थ मला सुचत नाही.

घरी करायचा असेल तर पाच लिटर म्हशीचं दूध जाड बुडाच्या कढईत आटायला ठेवा. निम्मं झालं की वाटीभर दही घाला. दूध बारीक फाटतं आणि त्यातूनच तो रवाळपणा येतो. साखर सहाशे-सातशे ग्रॅम. त्यातली दोन मुठी वेगळ्या भांड्यात वितळवून तांबूस करा आणि मग दुधात सोडा. रंग आणि ती किंचित करपट चव त्यानेच येते. हे करताना उडतं, म्हणून पोरांना लांब ठेवा. नंतर ढवळत राहायचं, एकूण अडीच-तीन तास. शेवटी वेलची. माणशी मोठा चमचाभर येतो आणि तेवढाच पुरे, कुंदा फार खाववत नाही. वेळ नसेल तर विकत आणा, त्यात कमीपणा नाही. आमच्याकडे ढवळायला पाट्यावाला पोरगा बसला होता, स्वतःहून.

मानपत्रं आणि लाकडी पळी

चिरमुरे आणि भजी झाली, जेवण वाढायला अजून अर्धा तास आहे, तेव्हा हा कार्यक्रम घ्या. जेवणानंतर ठेवला तर निम्मे लोक पेंगतात.

सुरुवात हारांनी करा. झेंडूचे हार घरीच ओवा आणि भाग घेतलेल्या प्रत्येकाला घाला. हार झाली म्हणून हार, हे पोरांना सांगावं लागत नाही, तीच ओरडून सांगतात.

मग मानपत्रं. साध्या कागदावर, चांगल्या अक्षरात. नाव गमतीचं असावं, पण ज्या कामासाठी आहे ते काम खरं असावं. आमच्याकडे 'सर्वाधिक चिखल वाहून नेणारा मावळा' होता, त्याने सायकलवरून खरोखर बावीस पोती माती आणली होती. 'रात्रपाळीचा किल्लेदार' हा मान कुत्र्यांपासून किल्ला राखणाऱ्या दोघा भावांना दिला. दारात चिखल सहन करणाऱ्या काकींना 'गडाखालची पेठ' असं मानपत्र दिलं, ते त्यांनी फ्रेम करून लावलं आहे. चुकीला मानपत्र द्यायचं नाही. 'सर्वोत्तम उलटी पाटी' असं कुणीतरी सुचवलं होतं, मी ते खोडलं. ज्याची चूक त्याने स्वतः त्यावर विनोद केला तर सगळ्यांनी पोटभर हसावं, दुसऱ्या कुणी पहिल्यांदा करू नये. हा नियम पंगतीआधी मोठ्यांना एकेकाला गाठून सांगा. काकालोक विसरतात.

सगळ्या संघाला मिळून एक लाकडी पळी द्या. ही रीत केंब्रिज विद्यापीठातली. तिथल्या गणिताच्या अवघड परीक्षेत ऑनर्ससह पास झालेल्यांत जो शेवटचा येई, त्याला मित्र मोठा लाकडी चमचा भेट देत. शेवटचा चमचा १९०९ साली दिला गेला. तो मिळवणारा विद्यार्थी होडी वल्हवणारा होता, म्हणून चमच्याचा दांडा वल्ह्याचा केला होता आणि त्याची लांबी मीटरभराहून जास्त होती. पुढच्या वर्षापासून निकाल क्रमाने जाहीर करणं बंद झालं आणि चमचाही थांबला. आमची पळी कुंदा ढवळलेलीच आहे. तिच्यावर साल आणि स्पर्धा लिहितो, आणि पुढच्या वेळी जो संघ हरेल त्याच्याकडे ती जाते. सध्या ती भजनी मंडळाकडे आहे.

एकेकाने आपलं सांगायचं

मानपत्रांनंतर गोल करून बसा आणि प्रत्येकाने या स्पर्धेत स्वतः काय बिघडवलं ते एका वाक्यात सांगायचं. सुरुवात सगळ्यात मोठ्या माणसाने करायची. आमच्याकडे मामांनी केली: पोती उसनी आणतो म्हणून तीन दिवस त्यांनी नुसतं सांगितलं होतं. मग मी, की बालेकिल्ला उंच झाला तर पडेल म्हणून मीच तो खाली दाबायला लावला. एका मोठ्या पोराने कबूल केलं की गुंजवणे दरवाजा त्याच्या पायाखाली आला होता आणि त्याने तो रात्री गुपचूप परत उभा केला. हे कुणालाच माहीत नव्हतं. हशा पिकला. लहान पोराला बोलायचंच नसेल तर पुढे जा, आग्रह नको. पाट्यावाला पोरगा आपली पाळी आल्यावर उभा राहिला, पूर्वेकडे तोंड केलं, हात पसरले आणि विचारलं, "आता सूर्य कुठनं उगवतो सांगा की कुणीतर." तो हशा मला अजून ऐकू येतो.

मग गोष्ट सांगायची वेळ. मी हारू उराराची सांगते. जपानमधल्या कोची गावची ही शर्यतीची घोडी. नाव ऐकूनच पोरं लोळतात, 'हारू' म्हणून. खरा अर्थ वसंतातल्या प्रसन्न हवेशी जोडलेला आहे. ही घोडी आयुष्यात ११३ शर्यती पळाली आणि ११३ हरली. २००३ मध्ये तिची बातमी झाली आणि अख्खा देश तिला बघायला लोटला. २२ मार्च २००४ रोजी जपानचा नावाजलेला जॉकी युताका ताके तिच्यावर बसला, तरी ती अकरा घोड्यांत दहावी आली. लोक तिच्यावर लावलेली तिकिटं जपून ठेवायचे. जपानीत तिकीट 'न लागणं' आणि गाडीचा 'धक्का न लागणं' यांना एकच शब्द आहे, म्हणून ते तिकीट अपघात टाळणारा ताईत ठरलं. ही घोडी शेवटची आली तरी पुढच्या शर्यतीला परत उभी राहायची, हे पोरांना फार आवडतं. अकरावं कोण आलं होतं, असं एकीने विचारलं. त्याची आठवण कुणी ठेवली नाही.

हे होऊ देऊ नका

परीक्षक विकले गेले, ओळखीवर नंबर दिला, असलं बोलणं सुरू झालं की कार्यक्रम तिथेच नासतो. जिंकलेली पोरं समोर बसलेली असतात. कुणी सुरू केलंच तर त्याला भजी वाढायला उठवा. दारू अजिबात नको. लहान मुलांचे फोटो-व्हिडिओ त्यांच्या घरच्यांना विचारल्याशिवाय कुठे टाकू नका, आणि 'एकेकाने सांगायचं' तेव्हा सगळ्यांचे मोबाइल एका परातीत ठेवा. कुणी शूटिंग करतंय म्हटल्यावर खरं कोण बोलेल?

जिंकलेल्यांना दोन शब्द बोलायला सांगा, पण भाषण नको. त्यांना एकच विचारा: तुमच्याकडून काय राहिलं? त्या सहा पोरांनी सांगितलं की त्यांच्या हौदाला गळती होती आणि परीक्षक येईपर्यंत एक जण मागे लपून मगाने पाणी ओतत होता. पुढच्या वर्षी हौदाला खाली प्लास्टिकचा कागद घालायचा, हे आमच्या पोरांनी तिथेच शिकून घेतलं.

दुसरा दिवस

सकाळी सगळ्यांनी मिळून जागा झाडून काढा, भांडी ज्याची त्याला पोचवा. हिशोबाचा कागद काढून वहीत चिकटवा.

किल्ला मोडायचा दिवस आला की तो एकट्या-दुकट्याने मोडू नये, ज्यांनी बांधला त्या सगळ्यांनी हात लावावा. आधी मावळे, तोफा, मंदिरं काढून घ्या, एकेक वर्तमानपत्रात गुंडाळा आणि लाकडी खोक्यात ठेवा. शाडूच्या मूर्तींना ओल लागली की रंग सुटतो, म्हणून खोकं जमिनीवर ठेवू नका, माळ्यावर टाका. दगड ज्या कुंपणातून आणले तिथे परत. माती शेतातून आणली असेल तर शेतात, नाहीतर गल्लीतल्या कुंड्यांत आणि परसात जाते. पोती धुऊन वाळवून मालकाला द्या, म्हणजे पुढच्या वर्षी मागायला तोंड राहतं.

पाट्या खोक्यात टाकायच्या नाहीत. ज्याने लिहिल्या त्याला द्यायच्या. आमच्या पोराने दोन्ही नेल्या. त्यांच्या घराच्या माडीला समोर एक खिडकी आहे, सकाळी ऊन थेट आत येतं, तिच्यावर 'सुवेळा माची' लावली आहे. 'संजीवनी माची' मागच्या दारावर, न्हाणीकडे जाताना. पाहुणा आला की त्याची आजी सांगते, "चपला संजीवनीकडं काढा."